काही नाही, सोड्याची बाटली

टरबूज आधी कानाने घ्यायचं असतं.
टिचकीला जे 'ढब्' म्हणतं ते घरी आणायचं,
'टण्' म्हणतं ते गाडीवरच राहू द्यायचं.
आज सकाळी तापीच्या वाळूत, डांगरवाडीवर,
गुडघ्यांवर बसून मी सतरा टरबुजं ऐकली.
वाडीवाला हसला, एवढी परीक्षा?
सोयरीक करायची का काका?
झाली, म्हटलं. मागच्या वर्षी. आजच्याच तारखेला.

चोपड्यात दुपारी चौरेचाळीस.
गल्लीला सांगून टाकलं, गॅस संपला, मशीन बंद.
बत्तीस वर्षं गोळी सोडा भरला मी
वरातींना, निवडणुकांना, लोकांच्या अजीर्णाला.
अंगठा दाबला, गोळी आत, फस्स,
आणि ढेकर दुसऱ्याचा.

ही बाटली वेगळी.
भाच्याने नाशकाहून आणलेली,
बुचाला तारेचं टोपडं.
महिनाभर गव्हाच्या कोठीत उभी होती
कडुलिंबाच्या पाल्यात, गळ्यापर्यंत.
कुमुदने त्या कोठीतून दोनदा गहू काढले.
काही बोलली नाही.
सरकारी दवाखान्यात नर्स होती ती,
लपवलेलं तिला कळतं,
आणि माणूस आपणहून सांगेपर्यंत ती थांबते.

रस गाळायला फडकं तिच्याच ड्युटीच्या साडीचं.
एकतीस वर्षं पांढरं राहिलेलं कापड,
मिनिटात गुलाबी.
बिया वेचल्या. पाच-सहा सुटल्या असतील.
लिंबू अर्धं. साखर नाही, तिची शुगर.
सैंधवाची चिमूट.
पुदिना कुंडीतला, तो चुरगाळायचा नाही,
तळहातावर ठेवून एक टाळी द्यायची, बास,
वास जागा होतो.
बर्फाची अर्धी लादी गोणपाटात,
आणि लादीच्या कुशीत बाटली, आडवी.

रात्री नऊला अख्खी गल्ली गच्चीवर.
गाद्या, मच्छरदाण्या, कुणाचा तरी खोकला.
उत्तरेला सातपुड्यावर वणव्याची लाल रेघ,
कुणीतरी अंधारात धावदोरा घालत चालल्यासारखी.

तार सोडली.
तेव्हा कुठे ध्यानात आलं:
मला आत ढकलायची सवय,
आणि हे बूच बाहेर यायला बघतंय.
जन्मभर शिकलेलं सगळं उलटं.
वरून टॉवेल दाबला, बाटली हळूच फिरवली,
फिरवली,

फाट्!

बूच तायडेंच्या टाकीवर जाऊन आदळलं.
तीन गच्च्यांवर डोकी उठली.
"काय फुटनं रे सुपडूभाऊ?"

माझ्या तोंडाला कोरड.
कुमुदच बोलली, पडल्यापडल्या, कुशीही न बदलता:
"काही नई. सोडानी बाटली शे."

डोकी परत उशीवर गेली.
बत्तीस वर्षांची पत अशी
एका वाक्यात वटवली बाईने.

काचेचे उंच ग्लास आपल्याकडे कुठले!
स्टीलचे दोन पेले.
तिसरा हिस्सा रस, मग पेला तिरका धरून
बाटली कडेकडेने, घाई न करता.
एवढं मात्र मला येतं. गॅसला धक्का लागू द्यायचा नाही.
स्टीलमध्ये बुडबुडे दिसत नाहीत.
कुमुदने पेला कानाला लावला,
दुसऱ्या हाताची दोन बोटं माझ्या मनगटावर,
आणि बराच वेळ
दोन्ही ऐकत राहिली.
"चालू आहे," म्हणाली.

आधी लिंबू लागलं जिभेला, मग टरबूज,
आणि नंतर कसलंतरी हलकं, नाकात चढणारं, नाव नसलेलं.
अर्धी बाटली उरली.
"उद्यापर्यंत टिकेल?"
"नाही. उघडल्यावर गॅस थांबत नाही कुणासाठी."
"मग ओत."
पावणेदोनशे मिली, तिने बोटाने खूण दाखवली,
औषधासारखी.
मी खुणेच्या वर ओतलं.

सकाळी तायडेंचा पोरगा दारात,
मुठीत बूच.
"भाऊ, सोडाले बूच कधीपासून?"
कुमुदने माझ्याकडे पाहिलंही नाही.
उरलेल्या टरबुजाची सगळ्यात मोठी फोड
त्याच्या हातावर ठेवली,
आणि बूच पदराच्या गाठीत बांधून
गहू निवडायला बसली.