मावळेपर्यंतचा परवाना

नॉर्थ डकोटा. बीटच्या शेतात एक मनोरा, पायथ्याशी गाई.
अडीचशे वॅट. परवान्यावर लिहिलेलं:
उजाडल्यापासून मावळेपर्यंत.
म्हणून डिसेंबरात आमचा दिवस पावणेपाचलाच संपायचा
आणि जूनमध्ये साडेनऊपर्यंत
बोलून बोलून घसा बसायचा.

सकाळी डुकरांचे भाव, मग मयतांची नावं.
ती आर्डिस ट्वेट वाचायची,
नॉर्वेजियन, पोलिश, कुठल्याच आडनावाला न अडखळता.
दहाला 'देणं-घेणं': पाळणा, बर्फ उपसायचं यंत्र, बिनकानाचं मांजर.
एकाने लग्नातली अंगठी विकायला काढली,
तर दुसऱ्या लाइनवर त्याचीच बायको:
"लेलंड, वीस डॉलर वाढवून सांग."

दुपारी भांडणं. शाळेचा कर, पुराचा बांध.
एकाहत्तर साली युद्धावरून
दोन सख्ख्या भावांनी आमच्याच लाइनवर अबोला धरला.
मी तो तसाच हवेत सोडला, सात सेकंद.
जाहिरात लावायचं सुचलंच नाही.

आता तिथे उपग्रहावरून कुणी परका ओरडतो, रात्रंदिवस.
गाई ऐकतात.

एव्हरेट रोज फोन करायचा. विधुर माणूस,
हवामानावरून निघायचा, कुठेही पोचायचा.
एका जानेवारीत म्हणाला,
"एक सांगायचंय. अजून कुणाला बोललो नाही."
घड्याळात पाचाला एक मिनिट कमी.
कायदा तो कायदा. मी बटण खाली केलं,
आणि रिसीव्हर कानाला लावून
अंधारात पाऊण तास बसलो.

काय म्हणाला ते विचारू नका.
ते प्रसारणात नव्हतं.