अ.पा.क.

कोर्टनाक्याच्या इमारतीत, पहिल्या मजल्यावर नाझर शाखा.
तिथलं लोखंडी कपाट माझ्या ताब्यात.
आत दीडशेच्या वर मुलं राहतात,
एकेका पावतीत घडी घालून.
त्यांना मी पाहिलेलं नाही.
जन्मतारखा मात्र पाठ; घरच्या पोरांच्या चुकतील.

कायद्याच्या भाषेत ती सगळी अज्ञान.
कुणाला सतराचा पाढा येतो,
कुणाला बाप कसा गेला ते डोळ्यांनी ठाऊक,
तरी अज्ञान. नावापुढे तीन अक्षरं, अ.पा.क.,
अज्ञान पालनकर्ता, आणि मग आईचं नाव,
जणू आई हा एक हुद्दा.

घणसोलीचा जयेंद्र मढवी गेला तेव्हा
मागे म्हातारी आई, बायको कुंदा, सहा वर्षांचा चेतन,
आणि शेताच्या बदल्यात सिडकोनं दिलेला
साडेबारा टक्क्यांतला भूखंड.
बिल्डरची पाटी त्यावर आधीच लागलेली.
दीर म्हणाला, तीन हिस्से, सरळ हिशेब.
कुंदानं पोटावरचा पदर सारखा केला.
तिचा वकील नवखा, कोट बहुधा थोरल्या भावाचा, बाह्या लांब,
उठून म्हणाला,
चार.

साहेबांनी पेन खाली ठेवलं.
पुढची तारीख पडली बाळंतपणानंतरची.
माझ्या नोकरीत तेवढी एकच तारीख
जी कुणाला वाढवून घेता आली नाही.

मनस्वी. वजन सव्वादोन किलो, हिस्सा चार आणे.
विक्रीला परवानगी मिळाली, अटीसह:
अज्ञानांची रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत,
अठरा पूर्ण होईपर्यंत, हुकुमाशिवाय हात लावायचा नाही.
प्रत फाइलला लावताना टाचणी माझ्या बोटात गेली.

कुंदाचा स्वतःचा हिस्सा
जयेंद्रच्या आजारपणाच्या उधारीत विरघळला.
ती तीनदा अर्ज घेऊन आली.
पोरीच्या कानाच्या ऑपरेशनला मिळाले.
क्लासच्या फीला नुसतं व्याज मिळालं.
गळके पत्रे बदलायला नाही मिळाले:
घर अज्ञानाच्या नावे नव्हतं,
त्यात भिजत मात्र तीच होती.
त्या दिवशी कुंदा माझ्या टेबलाशी उभी राहिली.
"पोर माजी, ना पैसं तुमच्या कपाटान.
मी काय चोर हाय?"
मी खिशात किल्ली चाचपली.
कुंपण घातलं होतं ते दिरासाठी;
काटे कुणाला ओळखत नाहीत, हे तिला कसं सांगू?

चेतन आला तो अठरा पूर्ण झाले त्याच्या दुसऱ्याच दिवशी.
सही केली, रक्कम नेली.
महिन्याभरात नाक्यावर त्याची नवीकोरी मोटरसायकल दिसली,
मागे काका बसलेला.
सज्ञान, असा शेरा मारून मी पान मिटलं होतं.

मनस्वीची पावती तेवढी फिरत राहिली,
दर तीन वर्षांनी नवी, व्याजाचा दर उतरता.
मधे बँकच दुसऱ्या बँकेत गेली,
लग्न लागल्यासारखी, नाव बदलून.

ती काल आली. आधार कार्ड, दोन फोटो,
ऐकू येतं त्या बाजूनं मान कलती.
रक्कम विचारली नाही. म्हणाली,
जुनी फाइल बघू द्याल?
अर्जाच्या पहिल्या पानावर, वारसांच्या यादीत, चौथ्या क्रमांकाला
टंकलेखकानं लिहिलं होतं: नाव ठेवायचे आहे.
तिनं त्यावर बोट ठेवलं. बराच वेळ.

मग म्हणाली, पावती अजून दोन वर्षं इथेच राहील का?
काका रोज घरी येतो.

राहत नाही. नियम सांगितला.
सज्ञानाची ठेव आम्ही सांभाळत नाही.
तर मग आईचं नाव लावता येईल, माझ्या नावापुढे,
होतं तसं?
बँकेत लागतं, म्हटलं, जोडखात्यात.
फक्त ती तीन अक्षरं लागणार नाहीत.

ती उतरली. मी खिडकीशी गेलो.
खाली झेरॉक्सवाल्याच्या छपराखाली कुंदा उभी होती.
पत्र्यांचा अर्ज फेटाळला त्या दिवसानंतर
ती आमचा जिना चढलेली नाही.