लोटनचं चाक

जर्सीवर पाइप कंपनीचं नाव,
महिना साडेचार हजार, टायर ज्याचे त्यानं.
सहा मोसम लोटन बडगुजर
दुसऱ्याच्या वाटचा वारा खात राहिला.

काम सांगायला सोपं:
मागं जीपपर्यंत यायचं,
पाच बाटल्या पाठीत खोचायच्या
आणि परत पुढं,
वैशाखातली झळ छातीवर झेलत,
कॅप्टन मागं, सावलीत बसल्यासारखा.

निकालाच्या कागदावर एकेचाळीस, अडतीस,
'शर्यत सोडली', सत्तावीस.
एकदा चौथा, नंदुरबारला.
चौथ्याला कप नव्हता, केळीचा घड होता.
अमळनेर येईस्तोवर एसटीतच वाटून संपला.

आणि एकदा, मालेगाव ते शिरपूर,
लळिंगच्या घाटात
कुणी न सांगता तो सुटला.
धुळं गेलं.
सोनगीरला तांबटांनी हातोडे थांबवले.
नरडाण्याला एक बाई तांब्या घेऊन
रस्त्यातच आली:
'थांब रे भो, पानी पी ले!'
पन्नास किलोमीटर
त्याच्या पुढं कुणाचीच पाठ नव्हती.
नुसता रस्ता,
आणि कपाशीच्या धसकटांवर हलणारं ऊन.

तापीच्या पुलावर मागून चेनींचा आवाज आला,
टोळधाड उतरावी तसा.
पुलाच्या मध्यावर त्याला गिळलं.
कॅप्टन शेजारी आला, म्हणाला,
'बाटली आहे का?'
होती.
दिली.

आता चोपडा नाक्यावर पंक्चर काढतो.
पोरं विचारतात, काका, जिंकले का कधी?
तो ट्यूब पाण्यात दाबून
बुडबुडा शोधत राहतो.
मग म्हणतो,
त्या नरडाण्याच्या बाईपाशी
घोटभर थांबायला पाहिजे होतं.