पूर्णगडची तर

कस्टमचा बंद बंगला, मंगळुरी कौलं, दारावर नवी पाटी:
कालविकल्प अभ्यास अकादमी.
पाटीखाली खडूने कुणीतरी लिहून गेलं,
आत्याबाईला मिशा असत्या तर.
सोलकर सरांनी ते पुसू दिलं नाही.
म्हणाले, पोरांनी अभ्यासक्रम एका ओळीत बसवलाय.

मी इथला नोंदणी कारकून.
साडेदहाला रजिस्टर उघडतो.
भिंतीवर भरती-ओहोटीचं कोष्टक
आणि तीन घड्याळं, तिन्हींची वेळ वेगळी.
ती संशोधनासाठी, असं पाहुण्यांना सांगतो.
खरं म्हणजे खारी हवा. सेल टिकत नाहीत.

माडीवर बुजलेल्या खाडीचा विभाग.
तिथे मुचकुंदी अजून गाळाने भरलेली नाही,
आफ्रिकेची गलबतं थेट धक्क्याला लागतात,
गावात चार पेढ्या, दोन भांडणारी वर्तमानपत्रं,
आणि मुंबई म्हणजे कोळ्यांचं एक बेट,
आमची माणसं सुट्टीत तिकडे बोंबील खायला जातात.
फाटकबाईंनी त्या पूर्णगडचं पाणीबिलसुद्धा काढलंय.
थकबाकी तिथेही आहेच.

शेजारी, नव्वद वर्षं आधी आलेल्या आगगाडीचा विभाग.
राजापूरला जंक्शन, फलाटावर फणसाचे गरे.
पण प्रबंधाच्या शेवटच्या पानावर
गाडी आधी आली म्हणून माणसं आधी गेली,
दारावरची कुलुपं तेवढी जास्त गंजली.

लोक अर्ज घेऊन येतात.
हुस्नबानू होडेकर, वय एकाहत्तर,
'तो कुवेतला गेला नसता' एवढं लिहून थांबल्या.
म्हटलं, पुढचा रकाना भरा.
म्हणाल्या, तोच तर तुम्ही भरायचाय.

काजूच्या कारखान्यातली एक मुलगी,
बोटं चिकाने काळी,
विचारत होती, दोन मिनिटांच्या गोष्टीला फी किती?
मोठ्या इतिहासाला पन्नास, छोट्याला शंभर.
छोट्याला वेळ लागतो.

माझा अर्ज खणात आहे.
तारीख घातलेली, सही नाही.
मे महिना, पहाटे साडेपाच, गावखडीचा किनारा.
पलीकडे पूर्णगडला सव्वासहाची एसटी,
रत्नागिरीत मुलाखत, बंदर खात्याची.
तर मध्येच रेतीवर रुतली.
इस्त्रीचा शर्ट, पिशवीत प्रमाणपत्रं,
आणि समोर एसटीचे दिवे लागले, वळले, गेले.
साडेतीन तास आम्ही सातजण खाडीच्या मधोमध,
बकरी धरून आठ.

आता पूल आहे.
झिलू तारी दिवसभर त्याच्या सावलीत बसतो.
परवा त्याला साक्षीला बोलावलं.
सरांनी टेप चालू केला, कोष्टकं पसरली,
पण विचारलं मीच.
झिलूदादा, त्या दिवशी पाव तास आधी निघालो असतो, तर?

त्याला वाटलं, मी होडीची चौकशी करतोय.
"तर? तर इकली. भंगारात.
खिळं तांब्याचं व्हतं, त्याचं काय ते पैसं आलं."

सर हसले नाहीत. मीही नाही.
टेप फिरत राहिला, बाहेर पुलावरून एक डंपर गेला.
मग तो खिडकीकडे बघत म्हणाला,
"पानी नव्हता बाबा.
पानी नाय, तं तर कशी जायल?"

मी नोंद केली: साक्ष पूर्ण, ओहोटी चार वीस.
चहा आला. झिलूदादा बशीत ओतून फुंकत बसला.
मुलाखतीचं मग काय झालं, त्याने विचारलं.
इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं.
म्हटलं, दुसऱ्या कुणाला घेतलं.

"बरा हाय ना तो?"

मी उगाच रजिस्टर चाळत राहिलो.