अठ्ठावीस

हवालदार धोंडजी काटकर, आर्मोरर, निवृत्त.
आता कोरेगावात फवारणी पंप दुरुस्ती,
स्टँडच्या मागं, पत्र्याचं दुकान.

भाचा सुट्टीवर आलाय.
"नवी मॅगझिनं आलीत ट्रायलला, मामा.
बाहेरच्या कंपनीची. तिसाच्या जागी चाळीस बसतात."

मामा वॉशर तेलात बुडवतो.
"भरून आठ दिवस ठेव, मग स्प्रिंग मोज.
फरशीवर टाक, उभं, आडवं, तोंडावर.
ओठ फाकले का बघ.
पहिल्या गोळीचं कवतिक नको सांगू,
शेवटची वर येती का?"

"पण चाळीस, मामा..."

"आम्ही तिसात अठ्ठावीस भरायचो.
इंगवल्यानं एकदा तीस भरल्या."

पुढं बोलत नाही.
पंपात हवा मारतो, नळी दाराबाहेर धरतो,
खटका दाबतो.

पाणी येतं. अडखळतं.
भाचा श्वास धरून उभा.