पेव

हरिपूरच्या वाटेला पूर्वी जमिनीत हळद पुरून ठेवत.
त्या खड्ड्याला पेव म्हणतात.
उतरण्याआधी आत कंदील सोडायचा,
कंदील विझला तर माणूस उतरत नसे.
पायगोंडाचे आजोबा हे सांगायचे.
बँडचं नाव आम्ही तिथून घेतलं.
कंदिलाचं राहून गेलं.

संयोगिता आरवाडे गायची.
गळा असा, की शेंगदाणे खाऊन वर पाणी प्यालेला.
पायगोंडा बेसवर, चार तारांतल्या तीनच त्याच्या ओळखीच्या.
नियाज मिरजेचा, त्याच्या घरात तंबोरे होतात.
त्यानं वडिलांच्या नकळत
इलेक्ट्रिक गिटारीला हाडाची घोडी बसवली
आणि जवारी काढली.
तेव्हापासून सूर सरळ येईना,
ओल्या लाकडासारखा कडेकडेनं जळत यायचा.
आणि मी, बेंजो पार्टीतला.
जन्मभर वरातीत चालत वाजवलेलं.
ड्रमसेटवर बसलो तेव्हा कळलं,
पायांनाही वाजवता येतं.

मार्केट यार्डातलं गोडाऊन, रात्री नऊनंतर.
चारी बाजूंनी पोती,
आवाज बाहेर जायचा नाही,
आतला वास कपड्यांतून जायचा नाही.
रुमाल पिवळा, टॉम पिवळे, केबल पिवळ्या.
आई म्हणायची, रोज उठून
कुणाच्या हळदीला जातोस रे?

एक गाणं होतं, त्यात शब्दच नव्हते.
आयर्विन पुलावरचे नुसते फूट.
चाळीस. मग बराच वेळ फक्त बेस.
एकेचाळीस. बेचाळीस.
पंचेचाळिसाला मी आत यायचो,
पन्नासला नियाज जवारी मोकळी सोडायचा
आणि संयोगिता गप्प व्हायची.
गावभागातल्या मंडळापुढे वाजवलं
तेव्हा टाळी पडली नाही.
मागून एक बाई, मांडीवर झोपलेलं पोर,
पुढचा आकडा म्हणाली.
मग तिच्या शेजारची.
मग सगळी खुर्ची-खुर्ची.
त्रेपन्नपर्यंत गेले लोक, आमच्याशिवाय.

त्यानंतर इचलकरंजी, कोल्हापूर,
एका कॉलेजात तर दारं लावून घ्यावी लागली.
मग पुणे.
तिथल्या माणसानं कॉफी पाजली.
म्हणाला, मुलीचा आवाज छान आहे, हिंदीत करा.
आणि ती गिटार दाखवून घ्या कुणाला तरी, करकरते.
नियाज हसला.
संयोगिता हसली नाही.

कराडपर्यंत गाडीत कुणी बोललं नाही.
ताकारीला संयोगिता म्हणाली,
एक गाणं हिंदीत केलं तर काय मरतो का आपण?
किर्लोस्करवाडीला नियाज म्हणाला, घोडी निघणार नाही.
भिलवडीला पायगोंडा, खिडकीकडे बघत,
कारखान्यात माझं झालंय, लगा. एक तारखेपासून.
सांगलीला मी उतरलो.
मी काय बोललो ते आठवत नाही म्हणतो सगळ्यांना.
आठवतं.
म्हणालो, अँप कोणाकडे राहणार?

तेरा महिने. अकरा गाणी.
त्यातली सात पायगोंडाच्या जुन्या मोबाइलमध्ये,
आणि मोबाइल उसाच्या चरकाशेजारी कुठंतरी.
पेव फुटलं म्हणजे
जिथं तिथं तेच ते, असं म्हणतात मराठीत.
आमचं फुटलं त्याची खबर
हमालांनासुद्धा आठवड्यानं लागली.
एकानं विचारलं, ते रात्रीचं यंत्र बंद का झालं?

नियाज आता तंबोऱ्यांना जवारी काढतो,
तिथं तिला कुणी करकर म्हणत नाही.
मी परत चालत वाजवतो.
उजवा पाय मधेच आपटतो, नवरदेवाचा घोडा दचकतो.

संयोगिता पुण्यात आहे.
एका पतसंस्थेच्या फोनवर तिचा आवाज लावलाय.
ठेवींसाठी एक दाबा. कर्जासाठी दोन. सोनेतारण, तीन.
मी कधीकधी लावतो, वरात संपल्यावर,
कान अजून वाजत असताना.
काही दाबत नाही.
ती थांबते, श्वास घेते,
आणि पुन्हा एकपासून.
चार, पाच.
नऊच्या पुढे जातच नाही.