ताबा

सकाळी नाझराने सही घेऊन वॉरंट हातात दिलं.
रास्ता पेठ, केईएमच्या मागे, तळमजला,
दोन खोल्या, एकशे नव्वद चौरस फूट,
चतुःसीमा खालीलप्रमाणे.
वादी मयत, तर्फे वारस मुलगी.
प्रतिवादी मयत, तर्फे वारस पत्नी.
बावीस वर्षं भांडून दोघे गेले,
दावा तेवढा धडधाकट.

मी बेलिफ. मला मत नाही, भत्ता आहे.

दोन कॉन्स्टेबल, बोहरी आळीतला कुलूपवाला
(त्याची हत्यारं फुकट आली, दार उघडंच होतं),
पंच मात्र मिळेनात.
झेरॉक्सवाला म्हणाला, गिऱ्हाईक आहे.
गिऱ्हाईक नव्हतं.
इस्त्रीवाल्यानं इस्त्री उचलली
आणि मी पुढे जाईपर्यंत हवेतच धरून ठेवली.
शेवटी पलीकडच्या गल्लीतून दोन पोरं आणली,
सही कुठे करायची एवढंच विचारणारी.

येमूल बाईंनी सामान आधीच बांधलेलं.
फॉल-पिकोचं मशीन गादीत गुंडाळून
टेम्पोत सगळ्यात आधी,
आजारी माणसाला नेतात तसं.
मी लिहीत गेलो:
भिंतीत खिळे सात. ट्यूबलाइट एक, बंद.
कोनाड्यात कुंकवाचा डाग, न निघणारा
हे लिहिलं आणि खोडलं.
खाडाखोडीवर सही करावी लागते, केली.

वारस मुलगी बाणेरहून आलेली,
उंबऱ्याच्या बाहेर, पर्स छातीशी धरून.
बापानं जिंकलेल्या खोल्या
तिनं आतून कधी पाहिल्या नव्हत्या.
"पाणी कधी येतं?" तिनं भिंतीला विचारलं.

बाई वळल्या.
"साडेपाचला. चावी पूर्ण फिरवायची, मग जराशी मागं,
नाहीतर नळ गुरगुरतो अन् वरचे ओरडतात.
रात्री मोरीच्या भोकावर वीट ठेवा. घुशी येतात."
मुलीनं मोबाइलवर टाइप केलं. वीट.

नवं कुलूप, किल्ल्या तीन.
ताबा दिला-घेतला, कोणाची हरकत नाही.
बाईंनी सही केली,
"येमूल"मधला ल नीट आला नाही म्हणून
पुन्हा गिरवला,
शाई फुटेपर्यंत.

पुढचं वॉरंट बिबवेवाडीचं, तीन वाजता.
मी स्कूटरला किक मारत होतो
तेवढ्यात मुलगी मागून धावत आली,
"अहो, वीट आतच आहे ना?"

मी वही उघडली.
खिळे होते, ट्यूब होती, चतुःसीमा होती.
विटेची नोंद नव्हती.
टेम्पोच्या मागच्या फळीशी, बादलीच्या आत
मी ती जाताना पाहिली होती,
वर्तमानपत्रात बांधलेली.

जातायत तिथेही घुशी असणार,
बाईंनी धरून चाललेलं.